पूर्ण खबर

१२ जानेवारी

या वहीची माफी मागायला हवी. शेवटची नोंद माझ्या लेकीच्या, उबहच्या, शाळेच्या निकालाची आहे, आणि आता ती नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षात शिकते. मधल्या काळात काही घडलं नाही असं नाही. लिहिलं की ते पक्कं होतं, म्हणून टाळत गेले. आज वही काढली ती उलट्या कारणाने. एक गोष्ट कुणालाच सांगता येत नाहीये.

दुपारी अनोळखी नंबरवरून फोन आला. माणूस सभ्य होता. आधी सलाम, मग माझी तब्येत, वडिलांची म्हणजे आबोंची तब्येत, उबहचा अभ्यास. मला वाटलं, नात्यातलं कुणी असेल. मग त्याच आवाजात, जराही न बदलता, बहिणीला हाक मारावी तसं म्हणाला, "इदिल वलाल, ते मैदान आमचं आहे. तिथं जाणं सोड. बाईमाणसाला आम्ही आधी सांगतो. मग सांगत नाही."

"आम्ही कोण" हे विचारायची गरज नव्हती. मोगादिशूत ते नाव कुणी मोठ्याने घेत नाही. नुसतं "ते" म्हटलं की पुरतं.

मैदान म्हणजे राष्ट्रीय स्टेडियम. परदेशी फौजांनी ते नुकतंच रिकामं केलं, आणि दुरुस्तीचं काम पाहणारी इंजिनियर म्हणून मला नेमलं. उद्घाटनाचा सामना शहरातल्या दोन वस्त्यांच्या संघांत व्हायचा आहे. काम मिळालं तेव्हा मी रडले होते. आता वाटतं, तो आनंद होता की माझं नाव छापून येणार याचा गर्व?

आबोंना फोनचं सांगितलं नाही. आबोंना सांगणं म्हणजे अख्ख्या शहराला सांगणं.

१४ जानेवारी

सुरुंग शोधणाऱ्यांनी पश्चिमेचा अर्धा भाग मोकळा करून दिला. वाळूची पोती, पुंगळ्या, गंजलेले डबे, एकच बूट. जिथे मधली रेषा होती तिथे रणगाड्याच्या पट्ट्यांनी चर पडला आहे. एका सैन्याने तंबू ठोकले, ते गेले तर टोळ्या आल्या, मग शेजारच्या देशाचे रणगाडे, मग "ते", मग पुन्हा परदेशी फौजा. प्रत्येकाने आपापली भिंत बांधली आणि आधीच्याची पाडली. चेंडू मात्र कुणीच आणला नाही.

पूर्वेच्या प्रेक्षक-सज्ज्याखाली एक खोली आहे. तिच्या भिंतीत माणसाच्या खांद्याइतक्या उंचीवर लोखंडी कड्या ठोकलेल्या आहेत. मी त्या लगेच कापून काढायला सांगितल्या. मग वाटलं, आधी फोटो काढायला हवा होता का? की पुसून टाकायची घाई मलाही झाली होती?

घरी आल्यावर आबो नेहमीच्या खुर्चीत, तोंड दाराकडे. डोळ्यांना आता उजेड-अंधार एवढंच कळतं, पण माझी पावलं ओळखतात.

"आलीस? बस. खबर दे."

आमच्यात भेटलेल्या माणसाने खबर विचारली की सगळं सांगायचं. कुठून आलो, कुठे निघालो, वाटेत काय पाहिलं, घरी कोण आजारी. आबोंचे आजोबा उंट घेऊन रानात फिरायचे. त्या रानात खबर लपवणारा आणि विहीर लपवणारा सारखाच नीच. आबोंनी ही रीत रेडिओवर नेली. वीस-पंचवीस वर्षं त्याच स्टेडियममधून ते सामन्यांचं वर्णन करायचे. गोल झाला की एकाच श्वासात इतका वेळ ओरडायचे की लोक त्यांना "लांबदम्या" म्हणायला लागले. खरं नाव दिरिये आहे हे पोस्टमनलाही माहीत नसावं.

मी सगळं सांगितलं. कड्यांचं सोडून.

"आणि माझी खोली?"

"भिंत आहे आबो. छप्पर नाही. फौजेने तिथे कोळसा साठवला होता."

"कोळसा चालेल," ते म्हणाले. "मीही काळाच आहे."

१९ जानेवारी

पुन्हा तोच आवाज.

"काल मासळी बाजारावरून का गेलीस? लांब पडतं ते. आणि सकाळी फाटक उघडताना ती पिवळी शाल घेतेस ना, ती दुरूनही ओळखू येते. जप हो."

मी फोन बंद केला आणि मोरीत जाऊन उलटी केली.

रस्ता बदलायचं मी आदल्या दिवशी ठरवलं होतं. माहीत होतं ते ड्रायव्हर गेद्दीला. जेवताना आबोंशी बोलले असेन, पण ते घरातलं झालं. म्हणजे गेद्दी? गेद्दीला मी तो पोरगा होता तेव्हापासून ओळखते. तो मला रोज चिडवतो, "बाई, तुमच्या भीतीला पेट्रोल फार लागतं." उद्या काही बरंवाईट करायचं असेल तर असं कुणी चिडवेल का? पण चिडवणं हेच झाकण असेल तर? असा विचार करणारी मी कधीपासून झाले?

आबोंचे दिवस मात्र बरे चाललेत. गाल्काय्योहून हिर्सी नावाच्या कुणा पुतण्याचा फोन येतो. पुतण्या म्हणजे लांबचा. मी जरा संशयाने विचारलं, कोण हा? आबो दुखावले.

"त्याने मला आपली पिढी म्हणून दाखवली. बाप, आजा, पणजा, आठव्या पिढीला आपल्यात येऊन मिळाला. एकाही नावाला अडखळला नाही. तुझा भाऊ टोरांटोत बसलाय, त्याला चार तरी येतात का?"

खरं आहे. आमच्यात ओळखपत्र खोटं निघेल, पिढी खोटी निघत नाही. आणि हिर्सी काय मागतो? काहीच नाही. विचारपूस करतो. आबो त्याला सगळी खबर देतात, मैदानाची, घराची, माझ्या कुरकुरीची. परवा म्हणाला म्हणे, "काका, तुमच्यासाठी उंटिणीचं ताजं दूध पाठवीन." आबो दिवसभर हसत होते. आम्ही घरातली माणसं त्यांना किती विचारतो? मी तर दमून येते आणि निम्मी खबर गिळते.

२३ जानेवारी

फोन नाही. रोज येत नाही याचीच आता जास्त धास्ती. आज फाटकाबाहेर एक मोटरसायकल थांबली, तिचं इंजिन बंद होईपर्यंत मी पिठात हात तसाच धरून उभी. शेजाऱ्याकडचा पाहुणा होता. तव्यावरचा अंजेरो जळाला.

२७ जानेवारी

हे लिहावं की नाही कळत नाही, पण इथेही खोटं लिहायचं तर वही कशाला.

मला शेगोचा संशय येतो. शेगो स्टेडियमच्या मोठ्या गेटवरचा राखणदार. मी उतरले की तो वळतो आणि फोन कानाला लावतो. काल मी जवळ गेले तर घाईने खिशात टाकला.

"कुणाशी बोलत होतास?"

"कुणाशी नाही बाई. गाणं ऐकत होतो. फोनमध्ये पैसे कधी असतात का माझ्या?"

उत्तर साधं होतं. तरी माझ्या मनात पहिला प्रश्न आला तो असा: हा कुणाचा कोण? शेगोची माणसं नदीकाठची, शेतीवाली. त्यांना पिढ्या म्हणता येत नाहीत, निदान आमच्याशी जुळणाऱ्या तरी नाहीत. गेटवरची बाकीची पोरं त्याला त्यावरून टोमणे मारतात. "शेगो, तुझा आजा कोण रे, केळीचं झाड?" तो हसतो. मी त्यांना गप्प केलं होतं, आणि आता मीच तेच मोजमाप लावते आहे. पण गेद्दी माझ्या आईकडचा आहे. गेद्दी कसा असेल?

बघा. हाच तर्क.

२ फेब्रुवारी

उबहला दोन दिवस ताप होता. आज उतरला. आणि दुपारी फोन.

"मुलीचा ताप उतरला ना? देवाची कृपा. लिंबाच्या पाण्याने बरं वाटतं. तुला मुलगी एकच आहे, इदिल वलाल. मैदानात किती विटा आहेत, त्यातली एकही तिच्याइतकी महाग नाही."

मी सज्ज्याच्या पायऱ्यांवर बसले. खाली गवताच्या हिरव्या गुंडाळ्या ट्रकमधून उतरत होत्या, कामगार ओरडत होते, आणि मला फक्त "लिंबू" हा शब्द ऐकू येत होता. परवा लिंबं कुणी आणून दिली होती? शेगोने. मी सांगितलं होतं मुलीला ताप आहे म्हणून, आणि तो बाजारातून धावत घेऊन आला होता.

मी त्याला तिथेच कामावरून काढलं.

"माझं चुकलं काय ते तरी सांगा बाई."

"तुला माहीत आहे."

"मला माहीत असतं तर मी माफी मागितली असती." मग टोपी काढून गेटच्या खिळ्याला लावली. "पोरीला बरं आहे ना आता?"

हा प्रश्न त्याने का विचारला? निगरगट्टपणा होता की माया? घरी येईपर्यंत मी स्वतःशी भांडत होते.

३ फेब्रुवारी

आबोंना सांगून टाकलं. फोनचं, शेगोचं, सगळं. आता त्यांच्यापासून लपवणं मलाच पेलत नव्हतं. वाटलं, ते ओरडतील, शेजाऱ्यांना हाका मारतील.

त्यांनी पुढे झुकून कान माझ्याकडे केला. हातातला चहा तसाच.

"तापाचं म्हणाला तो? लिंबाचं?"

"हो."

"आवाज कसा आहे?"

"आबो, आवाजाचं काय?"

"मला विचारू दे. जन्मभर मी तेच काम केलं. बोलायला लागण्याआधी नाकातून श्वास सोडतो का? हलकासा, हसल्यासारखा?"

मी आठवून पाहिलं. "सोडतो. प्रत्येक वेळी. तुम्हाला कसं कळलं?"

कप त्यांच्या हातातून सुटला. चहा मांडीवर सांडला, तरी ते हलले नाहीत. मी पुसायला धावले, तर माझं मनगट धरून म्हणाले, "शेगोला परत बोलाव."

"पण लिंबं—"

"तो नाही. माझं ऐक आबो. तो नाही."

बाप लेकरालाही "आबो"च म्हणतो, आमच्यात सगळीकडेच. पण आज ते असं म्हणाले की मीच मोठी आणि ते लहान आहेत असं वाटलं. मी कारण विचारलं. म्हणाले, थकलो आहे. तिसऱ्या प्रहरी हिर्सीचा फोन आला तो त्यांनी उचलला नाही. मला वाटतं माझ्या बातमीचा धक्का फार बसला. सांगायला नको होतं.

७ फेब्रुवारी

शेगोला अजून बोलावलं नाही. माझ्याकडे पुरावा नाही, म्हणून काढायला नको होता हे खरं. पण पुरावा नाही म्हणून परत घ्यायचा का? ऑफिसातले साहेब म्हणतात, राहू दे, बरं झालं. त्यांना बरं वाटलं म्हणून मला आणखी वाईट वाटलं.

आबो जेवत नाहीत. फोन मांडीवर ठेवून बसतात, वाजला की दचकतात.

११ फेब्रुवारी

आज एक कोडं सुटलं असं वाटतं.

मी लवकर घरी आले. आबो आतल्या खोलीत फोनवर बोलत होते, दबक्या पण अशा आवाजात की मी लहानपणी ऐकला असता तर पळाले असते.

"तिचं नाव तुझ्या तोंडी नको. मी म्हातारा आहे, मूर्खही आहे, पण नातीचं नाव तुझ्या तोंडून ऐकणार नाही." मग बराच वेळ समोरचा बोलला. मग आबो, अगदी हळू, "नाही. मी कुणाला सांगणार नाही म्हटलं ना. तिलाही नाही."

मी विचारलं तर म्हणाले, हिर्सी होता.

म्हणजे असं आहे तर. इतक्या दिवसांची विचारपूस, दुधाची भाषा. हिर्सीला उबह मागायची आहे! स्वतःसाठी किंवा कुणा भावासाठी. आणि आबोंना ते पटलेलं नाही; मुलगी शिकते आहे. मला सांगितलं नाही कारण मी आधीच घाबरलेली. मला एकीकडे हसू आलं, एकीकडे भरून आलं. या शहरात अजून कुणी लग्नाच्या गोष्टीवरून भांडतं आहे.

१४ फेब्रुवारी

आबोंची मला काळजी वाटते. त्यांच्या डोक्याला काही होतं आहे का?

संध्याकाळी मी पाणी भरत होते. ते हिर्सीला खबर देत होते, मोठ्याने, जुन्या रेडिओच्या आवाजात. "इदिलने काम सोडलं. हो, परवाच. ती आता घरीच असते. नैरोबीला जायचं म्हणते. मैदानाशी तिचा संबंध संपला."

मी दारात थबकले. आबो आणि खोटी खबर? ज्या माणसाने एकदा आपल्याच वस्तीच्या संघाविरुद्धचा गोल खरा म्हणून सांगितला आणि मार खाल्ला? मला वाटलं त्यांना खरंच तसं वाटतंय, गोंधळ झालाय. म्हणून मी तिथूनच ओरडले, "आबो, काहीतरीच काय सांगता! मी आत्ताच मैदानावरून आले. उद्या गोलाचे खांब बसवायचेत!"

त्यांनी माझ्याकडे तोंड वळवलं. त्यांना दिसत नाही, तरी असं वाटलं की मला पाहत आहेत. फोनमधून बारीक आवाज आला, हसण्याचा. आबोंनी तो बंद केला.

"मी चुकले का?" मी विचारलं.

"नाही. खबर पूर्ण द्यावी असं मीच शिकवलंय तुला."

मग भिंतीला धरून आत गेले. मी त्यांना असं मोठ्याने टोकायला नको होतं, तेही नातलगासमोर. म्हाताऱ्या माणसाचा पाणउतारा झाला. पुन्हा असं करणार नाही.

१७ फेब्रुवारी

आज जेवताना आबो म्हणाले, "सोड ते काम."

"तुम्ही म्हणताय? कोळशाच्या खोलीतून वर्णन कोण करणार?"

"मी गंमत करत नाहीये."

मी खूप विचार करून उत्तर दिलं. मी सोडलं तर माझ्या जागी दुसरं कुणी येईल, आणि तो फोन त्याला जाईल. सोडणं म्हणजे भीती शेजाऱ्याच्या अंगणात ढकलणं. हे बोलताना मी खरी होते की हट्टी? रोज सकाळी शाल घेऊन फाटक मीच उघडते. गेद्दीची गाडी आत येईपर्यंतचे ते थोडे क्षण मी श्वास घेत नाही. शाल बदलायचं ठरवलं होतं, पण मग वाटलं, बदलली तर त्यांना कळेल की मी घाबरले. ही कसली अक्कल!

आबो म्हणाले, "बरं. मग उबहला हर्गेसाला माझ्या बहिणीकडे पाठव. थोडे दिवस. मागणी आली की मुलगी घरात नसावी."

मागणीचं त्यांनी पहिल्यांदाच तोंडाने काढलं. म्हणजे मी बरोबर ओळखलं होतं.

१८ फेब्रुवारी

उबहला विमानात बसवून आले. आबोंनी तिचं डोकं दोन्ही हातांत धरून इतकी प्रार्थना म्हटली की ती शेवटी म्हणाली, "आजोबा, विमान जाईल! मी काय लढाईला चाललेय?"

"तू जा गं. लढाई इकडे आहे," ते म्हणाले आणि आम्ही तिघंही हसलो.

परत आलो तर फोन. आबो फक्त ऐकत होते. ठेवल्यावर म्हणाले, "म्हणतो, हर्गेसा काही लांब नाही." काय चिकाटी आहे या हिर्सीची.

१९ फेब्रुवारी

शेगोला परत घेतलं. आबोंनीच गेद्दीला पाठवून त्याला घरी बोलावलं, स्वतःच्या शेजारी बसवलं आणि माझ्यादेखत म्हणाले, "तुझ्यावर आळ आला तो माझ्या तोंडामुळे आला. मला माफ कर." शेगो इतका गोंधळला की अंजेरोवर साखरेऐवजी मीठ घालून खाल्लं, आणि तरी "छान आहे" म्हणाला.

काढलं मी. माफी आबोंनी मागितली. माझी लाज त्यांनी स्वतःवर घेतली असं मला वाटलं. मग मीही मागितली, तोंडातल्या तोंडात. शेगो म्हणाला, "बाई, गेटवर माझी टोपी आहे अजून?" होती. कुणी हात लावला नव्हता.

२० फेब्रुवारी

गवत पूर्ण बसलं. सांधे दिसत नाहीत. पांढऱ्या रेषा मारून झाल्या.

आबोंना घेऊन गेले. पायऱ्या चढताना ते एकदाही चुकले नाहीत. पावलांना त्या पाठ आहेत. खोलीला आता छप्पर आहे. त्यांनी भिंत चाचपली, बोटाला लागलेला कोळसा वास घेऊन पाहिला. खिडकीशी उभे राहिले आणि मला म्हणाले, "तू खाली जा. मैदानातून चाल."

"कशाला?"

"मला वर्णन करायचंय. रिकाम्या मैदानाचं काय करू?"

मी खाली गेले. लाजले, कामगार पाहत होते. गोलाच्या खांबापासून चालायला लागले, आणि वरून तो आवाज आला. माइक नाही, काही नाही.

"आणि इदिल आत आलेली आहे, सज्जनहो! दिरियेची मुलगी इदिल! उजवीकडे कुणी नाही, डावीकडे कुणी नाही, समोर अख्खं मैदान मोकळं आहे! ती मधल्या रेषेपाशी आली, कुणी अडवत नाही, कुणीही तिला अडवू शकत नाही, ती पुढे चालली आहे, पुढे, पुढे—"

कामगारांनी हातातली कामं खाली ठेवली. मी दुसऱ्या गोलापर्यंत पोचले तेव्हा तो शेवटचा लांब श्वास सुरू झाला आणि संपेचना. पूर्वेच्या सज्ज्यावरून तो परत येत होता, जिथे कड्या होत्या तिथून. मी जाळीला धरून रडले. कित्येक आठवड्यांत पहिल्यांदा मला भीती वाटली नाही.

वर गेले तर ते दम लागून खुर्चीत बसले होते. "झालं," म्हणाले. "आता उद्या कुणी दुसऱ्याने केलं तरी चालेल."

२१ फेब्रुवारी

उद्या शुक्रवार, दुपारी सामना. मला पहाटेच जायचं आहे, खेळाडू यायच्या आत सगळे सांधे आणि खांब एकदा पाहायचे.

आबोंनी सगळं आखून ठेवलं आहे, मला विचारलंही नाही. मी शेजारच्या अंगणातून मागच्या गल्लीत जायचं. गेद्दीची गाडी तिथे असेल, शेगो सोबतीला. इकडे फाटकाशी गाडी येणारच नाही. मी म्हटलं, हे छान सुचलं, मलाच का नाही सुचलं? "आणि फाटक?" मी विचारलं, "तेही उघडायला नको मग."

"ते मी उघडीन," आबो म्हणाले. "सणाच्या दिवशी घराचं फाटक बंद ठेवत नाहीत. दुपारी गेद्दी मला न्यायला येईल."

वाद घातला नाही. त्यांनाही काही काम हवं.

आज त्यांनी उत्साहाने तयारी केली. नखं कापून घेतली, सावकाश आंघोळ केली, पांढरे कपडे काढायला लावले. उबहला फोन लावून द्यायला सांगितलं आणि बराच वेळ तिचीच खबर ऐकली. स्वतःची दिली नाही. मग माझी पिवळी शाल मागितली. गळा गरम ठेवायचा म्हणे, वर्णनाच्या आदल्या दिवशी ते पूर्वीही आईची शाल गुंडाळत. मी दिली. डोक्यावरून घेऊन बसले तेव्हा मागून क्षणभर मीच दिसले मला.

मग हिर्सीचा फोन. मी जवळच होते.

"हो," आबो म्हणाले. "फाटक तीच उघडते. फजरची नमाज झाली की लगेच. नाही, कुणी नसतं. एकटीच. पिवळी शाल असते तिची." आवाज अगदी स्थिर होता, जुना, बातम्यांचा. "आणि त्यानंतर आपला हिशेब पुरा. तू शब्द दिला आहेस. आठ पिढ्यांची शपथ घेतली आहेस."

पुन्हा चुकीची खबर. उद्या फाटक ते उघडणार आणि सांगतात मी. पण यावेळी मी टोकलं नाही. मागच्या वेळचं त्यांचं तोंड अजून डोळ्यांसमोर आहे. एवढ्याशा चुकीने कुणाचं काय बिघडतं?

फोन ठेवल्यावर मी विचारलं, "हिर्सीचा माणूस येतोय का सकाळी? शेवटी दूध पाठवतोय वाटतं. मागणीचं मिटलं म्हणून?"

त्यांनी शालीची किनार चाचपली. मग म्हणाले, "मिटेल. जे आणायचं ते घेऊन येतील. तू तेव्हा लांब पोचलेली असशील." आणि माझा हात हातात घेऊन कपाळाला लावला. "जा, झोप आबो."

काळजी अजून आहे, पण आज झोप लागेल. मैदान तयार आहे. इतक्या वर्षांनी. मला उगाच वाटतं, या घरातली मीच एकटी घाबरट आहे.

उद्या: निघताना दुधासाठी झाकणाचं भांडं घासून फाटकाच्या आत ठेवायचं.